माणूस माझा, बॉल तुमचा

किस्से कोणी मुद्दाम जमवत नाही. आइस्क्रीमचे रिकामे डबे जसे स्वयंपाकघरातल्या प्रेसमध्ये साठतात, तसे ते साठतात. (इथे आयर्लंडमध्ये कपाटाला प्रेस म्हणतात. मला हे कळायला एक वर्ष लागलं.) एकही डबा ठेवल्याचं आठवत नाही, आणि एक दिवस दार उघडलं की सगळे अंगावर येतात.

आमचे किस्से आमच्या गाडीतले. दर रविवारी सकाळी ती डब्लिनमधल्या ब्युमॉन्टहून मॅचला निघायची. चालवायला माझा नवरा श्रीकांत, शेजारी मी, मागे निरंजन आणि प्रफुल्ल. श्रीकांत आणि निरंजन एकाच कंपनीत सॉफ्टवेअर टेस्टर. निरंजन पुण्याचा, त्यामुळे प्रत्येक विषयावर त्याचं मत तयार असायचं. प्रफुल्ल बोरकर काटोलचा. डब्लिनला एमएस्सी करायला आला, नोकरी लागली, राहिला. आठवडाभर कॉम्प्युटरसमोर बसायचा आणि रविवारी अमेरिकन फुटबॉल खेळायचा.

हा खेळ म्हणजे हेल्मेट, खांद्यावर पॅड आणि लांबुळका बॉल. एक टीम बॉल घेऊन पुढे घुसते, दुसरी तिला अडवते. प्रफुल्ल अडवणाऱ्यांतला, म्हणजे डिफेन्सचा. आयर्लंडमध्ये हे सगळं हौशी काम, खेळाडूच क्लबला वर्गणी देतात. युरोपात मात्र काही ठिकाणी पगार मिळतो. प्रफुल्लला आयुष्यात एवढंच हवं होतं. एक सीझन, एकच, पण पगारी खेळाडू म्हणून. तेव्हा तो चोवीसचा होता. तिशीच्या आत जमलं तर जमलं, नाहीतर संपलं, हे त्यालाही माहीत होतं.

*

त्याची निवड झाली तो प्रसंग आधी सांगते.

कॉलेजच्या जिममध्ये कागद लावला होता, ‘फुटबॉल, अनुभवाची गरज नाही.’ प्रफुल्ल आपला साधा फुटबॉल समजून हाफ पँटमध्ये गेला. कोच डेक्लन, एरवी खाटकाचं दुकान चालवणारा. त्याने विचारलं, कधी कोणाला टॅकल केलंयस? प्रफुल्ल म्हणाला, अकरा वर्षं.

ते खरंच होतं. काटोलच्या मंडळात तो अकरा वर्षं कबड्डी खेळला होता, कोपऱ्यावर.

डेक्लनने टीममधला सगळ्यात आडवा माणूस पुढे केला. किरन नावाचा प्लंबर होता. किरन बॉल घेऊन धावला, प्रफुल्लने घोटा धरला, किरन आडवा. इथवर ठीक. पण पडताना किरनचं हेल्मेट निसटून पुढे गेलं होतं, ते घ्यायला त्याने हात लांब केला. हेल्मेटच्या पलीकडे गवतावर एक पांढरी रेघ होती. प्रफुल्लने रेघ पाहिली, तिच्याकडे जाणारा हात पाहिला, आणि किरनला पायाला धरून चार फूट मागे ओढला.

किरनने पुन्हा हात लांब केला. याने पुन्हा ओढला.

डेक्लनने शिट्टी वाजवून ते थांबवलं. मग म्हणाला, “युअर मॅन वेडा आहे. त्याचा फॉर्म भरून घ्या.”

‘युअर मॅन’ म्हणजे तुमचा माणूस नव्हे. म्हणजे ‘हा बाबा’.

*

प्रफुल्ल हे नाव डेक्लनला जमेना. त्याने ‘प्रोफ’ केलं. बाकीच्यांना वाटलं, हा खराच प्रोफेसर आहे.

मग ड्रेसिंग रूममध्ये शंका यायला लागल्या. एकाच्या मुलीचं गणित. एकाच्या वडिलांना आलेलं सरकारी पत्र. किरनने तर घराच्या तळघराला बुरशी येते, त्यावर काय उपाय म्हणून विचारलं. प्रफुल्ल आधी खुलासा करायचा, मग त्याने सोडून दिलं. घरी येऊन वाचायचा आणि पुढच्या रविवारी उत्तर द्यायचा. बुरशीचा उपाय लागू पडला, असं ऐकलं.

निरंजन म्हणाला, “खरे प्रोफेसर एवढा अभ्यास करत नाहीत.”

*

कासलबारला एक मॅच होती. शेवटची पाच मिनिटं, आमची टीम तीन पॉइंटनी पुढे. समोरच्या खेळाडूच्या हातून बॉल निसटला आणि घरंगळत बरोबर प्रफुल्लच्या पायाशी आला. पुढे अख्खं मैदान मोकळं. उचलायचा आणि पळत सुटायचं. डिफेन्सच्या खेळाडूला अशी संधी दोन-तीन वर्षांत एकदा मिळते म्हणे.

प्रफुल्लने बॉलकडे पाहिलं. मग तो ओलांडून गेला आणि ज्याच्या हातून बॉल पडला होता, त्याला कंबरेला धरून खाली पाडलं. मागून त्यांचाच दुसरा एक जण आला, बॉल उचलला आणि चालत गेल्यासारखा जाऊन सहा पॉइंट घेऊन आला. आम्ही हरलो.

डेक्लनने अगदी हळू आवाजात विचारलं, की बॉल दिसला नाही का.

“दिसला,” प्रफुल्ल म्हणाला. “पण बॉल माझा नाही. माणूस माझा.”

गाडी कासलबारच्या बाहेर पडली. मग निरंजन म्हणाला, “याचा टेबल नंबर चार आहे. बॉलचा अर्ज टेबल नंबर सहावर द्यावा.”

श्रीकांतला इतकं हसू आलं, की त्याला गाडी बाजूला घ्यावी लागली.

*

प्रफुल्लची आई उन्हाळ्यात महिनाभर आली होती. सावित्रीबाई. जाडजूड स्वेटर, त्यावर माझा रेनकोट, आणि मैदानाकडे लागलेली नजर. पूर्ण मॅच बघितली. मध्ये चहासुद्धा घेतला नाही. शेवटी मला बाजूला घेऊन म्हणाल्या, “बाई, येक सांगा. माह्या पोराले हे लोक बॉल काहून देत नाही?”

मी समजावलं, की त्याचं काम वेगळं आहे. त्यांना पटलं नाही. दोन तास पोरगं चिखलात लोळलं आणि एकदाही त्याच्या हातात बॉल नाही, म्हणजे काहीतरी भांडण असणार.

पुढच्या रविवारी त्या संत्रा बर्फीचा डबा घेऊन डेक्लनसमोर उभ्या. मला म्हणाल्या, विचारा याले. मी विचारलं. डेक्लनने एक बर्फी खाल्ली, विचार केला, आणि म्हणाला, बॉल घेऊन मजा करणारे दुसरे आहेत. ती मजा कोणाला करू द्यायची नाही, हे यांच्या मुलाचं काम.

मी तसं मराठीत सांगितलं.

“म्हंजे पहारेकरी,” सावित्रीबाई म्हणाल्या. “त्याच्यासाठी येवढ्या दूर यायचं काय काम होतं? काटोलच्या जिनिंगवर जागा होती.”

तरी डबा डेक्लनलाच दिला. निघायच्या आदल्या दिवशी डेक्लन स्वतः घरी आला आणि त्याने त्यांना एक मॅचचा बॉल भेट दिला, सगळ्या टीमच्या सह्या असलेला. त्या तो हातातल्या पिशवीत घेऊन विमानात बसल्या. एअरपोर्टवर कोणीतरी हे काय आहे विचारलं, तर म्हणाल्या, “पोराचा आहे. उशिरा भेटला, पण भेटला.”

*

दोन वर्षांपूर्वी जानेवारीत श्रीकांत गेला. आजारपण लांबलं नाही.

सीझन मार्चमध्ये सुरू झाला. पहिली मॅच स्लायगोला होती. सकाळी सातला बेल वाजली. दारात किटबॅग घेऊन प्रफुल्ल. मला वाटलं, हा सवयीने आला. तो म्हणाला, “काकू, गाडी काढता का? मला इथलं लायसन नाही आणि निरंजनदा नागपूरला लग्नाला गेले.”

मी म्हटलं, मी मोटरवेवर कधी चालवलेली नाही. तो म्हणाला, आज चालवून पाहा.

मी चालवली. साठच्या वर गेले नाही. ट्रकवाले हॉर्न देत होते, मी दोन्ही हातांनी स्टिअरिंग धरून सरळ बघत होते. मुलिंगारच्या पुढे कुठेतरी प्रफुल्लने घसा साफ केला.

“काकू, घाई नाही. पण आत्ता आपल्याला ज्यानं ओव्हरटेक केलं, त्याच्या मागच्या ट्रेलरमध्ये मेंढ्या होत्या.”

पोचलो तेव्हा मॅच अर्धी झाली होती. डेक्लनने उशिराचं कारण विचारलं नाही. मला एक घडीची खुर्ची आणून दिली आणि विचारलं, कशी आहेस. मी म्हटलं, ग्रँड. इथे सगळ्याला ग्रँडच म्हणतात.

तेव्हापासून रविवारी मीच चालवते. आता शंभरपर्यंत जाते.

*

गेल्या वर्षी जर्मनीतल्या एका क्लबने प्रफुल्लला कळवलं, की त्यांना डिफेन्समध्ये एक परदेशी खेळाडू हवाय. राहायला खोली, एक सायकल आणि पगार. मोठा नाही, पण पगार. आता प्रफुल्ल एकोणतीस पूर्ण करत आला होता. पहिला प्रश्न ऑफिसचा. सहा महिने बिनपगारी रजा मिळाली तर परत यायला नोकरी राहणार होती.

फॉर्ममध्ये ‘रजेचे कारण’ असा छोटा चौकोन होता. प्रफुल्ल मितभाषी. त्याने लिहिलं, ‘जॉइनिंग डिफेन्स, जर्मनी.’

दोन दिवसांनी एचआरच्या मोठ्या बाईंनी त्याला केबिनमध्ये बोलावलं. दार लावून घेतलं. त्यांचे आजोबाही सैन्यात होते, असं सांगितलं. कंपनी या निर्णयाचा आदर करते, रजा मंजूर आहे, कुठे पाठवणार हे आम्ही विचारणार नाही, कारण ते तू सांगू शकणार नाहीस हे आम्हाला समजतं.

प्रफुल्ल म्हणाला, सांगतो की, बव्हेरिया.

बाईंनी ओठावर बोट ठेवलं.

निरंजनने बजावलं, की आता खुलासा करू नकोस, रजा जाईल. प्रफुल्लला राहवेना. शुक्रवारी जाऊन त्याने खरं सांगितलं. बाईंनी फाइल उघडून पत्र पाहिलं. मग म्हणाल्या, पत्रावर सही झालेली आहे, आता जा, आणि निदान हेल्मेट घाल.

*

रजा मिळाली, कॉन्ट्रॅक्ट अजून नव्हतं. तिथल्या डिफेन्स कोचने कळवलं, की निवडक क्षण नकोत, दोन अख्ख्या मॅचचा व्हिडिओ पाठव. तो बघून ठरवू. दुसरं नाव तयार आहे, तेव्हा पंधरा दिवसांत.

आमच्या क्लबकडे अख्ख्या मॅच दोनच निघाल्या. दोन्ही श्रीकांतने मैदानाच्या कडेला उभं राहून घेतलेल्या.

प्रफुल्ल लॅपटॉप घेऊन घरी आला. म्हणाला, “काकू, आवाज काढून टाकू का? काका त्यात लय बोलून राहिले.”

मी म्हटलं, ऐकव आधी.

श्रीकांतचं टेस्टरचं डोकं. समोरच्या टीममधला कोण कुठला पाय मागे घेतो, कोण कुठे बघतो, यावरून तो खेळ सुरू व्हायच्या आधीच सांगायचा. सगळ्या मॅचभर तेच चाललं होतं. “डावीकडे. डावीकडे जाणार रे हा. प्रफुल्ल, डावीकडे! धरला. शाब्बास. आता उजवीकडे बघ. निरंजन, तो थर्मास इकडे दे.”

आम्ही पहिला हाफ पूर्ण ऐकला. चहा निवला.

मी म्हटलं, “राहू दे आवाज. त्यांना कुठे मराठी कळतंय.”

दहा दिवसांनी कोचचा व्हिडिओ कॉल आला. प्रफुल्लच्या खोलीतलं वायफाय भरवशाचं नाही, म्हणून तो माझ्या स्वयंपाकघरात बसला होता. मी ओट्याशी, स्क्रीनच्या बाहेर. कोच पन्नाशीचा, चष्मेवाला, कमी शब्दांचा. पाय चांगले आहेत, म्हणाला. खाली राहतोस, माणूस सोडत नाहीस. कॉन्ट्रॅक्ट सोमवारी पाठवतो.

प्रफुल्लने टेबलाची कड धरली. थँक यू म्हणाला, दोनदा.

“अजून एक,” कोच म्हणाला. “तुमचे ते मिस्टर दाविकाडे कोण?”

प्रफुल्लला कळेना.

कोचने समजावलं. कॅमेऱ्यामागचा माणूस. बॉल हलायच्या आधी तो ‘दाविकाडे’ म्हणतो, आणि खेळ स्क्रीनच्या डाव्या बाजूनेच जातो. दुसरा शब्द म्हणतो तेव्हा उजव्या. मी दोन्ही मॅच पुन्हा लावून वही घेऊन बसलो. चार वेळा चुकला, बस्स. समोरची टीम असं वाचणारा माणूस आमच्याकडे नाही. “सध्या तो कोणाकडे आहे? आम्ही त्याच्याशी बोलू शकतो का?”

प्रफुल्लने माझ्याकडे पाहिलं. कोच थांबला होता.

मी नॅपकिनला हात पुसले.

“सांग त्यांना,” मी म्हटलं, “वरच्या लीगनं उचललं काकांना.”

प्रफुल्लने शब्दाला शब्द इंग्रजीत सांगितलं.

कोचने मान हलवली. “साहजिक आहे,” तो म्हणाला. “अशी माणसं आमच्यासारख्यांकडे थोडीच राहतात.”