मालक कोण?

परवा कुणीतरी सुरंगीच्या फुलांचा वळेसर, म्हणजे गजरा, हातात ठेवला, आणि त्या वासासरशी मी थेट सासऱ्यांच्या माडाच्या बागेत जाऊन उभी राहिले. साठच्या दशकातली गोष्ट. किनाऱ्यालगतची जागा सरकारची म्हणून साहेब मोजणीला आले होते.

"जमिनीचे मालक कोण?" त्यांनी विचारलं.

सासऱ्यांनी सुरंगीच्या झाडाखालच्या राखणदार देवाच्या दगडाकडे हात केला. "मालक तो. आमी नुसते रवतंव."

मी सातवी पास नवी सून, म्हणजे अकलेचा कळस. पदराआडून कुजबुजले, "मामंजी, 'मालक मीच' असं सांगा!"

"गप गो! त्येच्यासमोर खोटा बोलू?"

बाग गेलीच, म्हणून मी कपाळाला हात लावला. सासऱ्यांनी मात्र नारळ ठेवून गाऱ्हाणं घातलं, "बा देवा म्हाराजा, हे तुझी जागा मोजूक इलेले आसत. चुकलामाकला पदरात घे, त्येंच्या पोराबाळांक सुखी ठेव!"

"व्हय म्हाराजा!" मोजणीची साखळी धरणारे गडी सवयीने ओरडले. आणि त्यांच्या मागे, बूट काढून, हात जोडून उभे असलेले साहेबही.

बाग शेवटी सरकारचीच झाली. आता तिथे विश्रामगृह आहे. पण नवा साहेब उतरला, की चौकीदार खोली उघडण्याआधी त्याला सुरंगीखाली नेतो.

"आधी मालकाक सांगा," म्हणतो.