जनरल हागनरच्या गळ्यातला हार

प्रल्हादराव मिरजेच्या शाळेत इतिहास शिकवायचे, पण शिवकाल संपला की वर्ग ओळखायचा, आता मास्तरांचा जर्मन येणार. जनरल आल्बर्ट हागनर हे त्यांचं खूळ. आपल्याकडे जर्मन सेनापतींचे असे भक्त घरटी नसले तरी आळीत एक सापडतोच. हा त्यांतला अट्टल. तरुणपणी लिहायला घेतलेलं हागनरचं चरित्र बायको गेली तरी चालूच होतं. शेवटी मुलीनं, गिरिजानं, त्यांना अमेरिकेत श्रूजबरीला आपल्या घरी आणलं, तेव्हा बॅगेतून मेतकूट-लोणच्यापेक्षा हागनरच जास्त निघाला.

आणि सांगायला बसले की ऐकत राहावं! पहिल्या महायुद्धात हागनर विशीतला लेफ्टनंट. मांडीत गोळी घुसलेली असताना चिखलातून आपली माणसं परत आणणारा. मग हरलेल्या देशाच्या उरल्यासुरल्या सैन्यात वर्षानुवर्षं कॅप्टनच. बढतीसाठी कुणापुढे वाकला नाही म्हणे. दुसऱ्या महायुद्धात पूर्व आघाडीवर डिव्हिजन मिळाली, आणि पुढे ती हिवाळ्यातली माघार. रशियनांनी तिन्ही बाजूंनी घेरलेलं, तरी पठ्ठ्या तोफा आणि जखमी घेऊन बाहेर पडला. शेवटी अमेरिकनांच्या कैदेत गेला, तर त्यांनीच कागद-पेन देऊन सांगितलं, रशियनांशी कसं लढायचं ते लिहून दे. "शत्रूनं गुरू मानला, आणखी काय पाहिजे?" असं म्हणताना प्रल्हादरावांचा आवाज कापायचा. वाटेतल्या गावांचं काय झालं, असं कुणी विचारलंच तर म्हणायचे, "अहो, युद्ध आहे ते, हळदीकुंकू नाही."

श्रूजबरीत मात्र हे ऐकायला होतं कोण? गिरिजा दिवसभर मीटिंगमध्ये. नात इशिता "आजोबा, नॉट अगेन" म्हणून कानात इअरफोन घालायची. बाहेर गुडघाभर बर्फ. माणूस बोलण्यावाचून वाळतो हो, खाण्यावाचून नाही. अशात गावातल्या ज्येष्ठांच्या केंद्रात त्यांना लेओ भेटले. नव्वदीला टेकलेले, एकटे, बुद्धिबळात तरबेज. रोज सकाळी पट मांडून दोघं बसायचे. लेओ कमी बोलायचे, आणि डाव अंगाशी आला की जर्मनमध्ये पुटपुटायचे. प्रल्हादरावांनी मनातल्या मनात ठरवून टाकलं: हा जर्मन. एकदा विचारलंही, "कुठले तुम्ही?" लेओ म्हणाले, "युरोप," आणि घोडा हलवला. झालं, ह्यांची खात्रीच पटली. हागनरबद्दल मात्र अक्षर काढलं नाही, कारण त्याचं मोठं सरप्राइज द्यायचं होतं. अख्ख्या अमेरिकेत त्यांना स्वतःचं म्हणावं असं हे एकच माणूस होतं.

मागच्या वसंतात पुण्याहून पुस्तक छापून आलं. मराठी मंडळानं शनिवारी दुपारी एका शाळेच्या कॅफेटेरियात प्रकाशन ठेवलं. प्रमुख पाहुणे कोण? लेओ! मंडळाची अध्यक्ष वीणा फार जपून वागणारी. तिनं आधीच बजावलं, "रांगोळीत स्वस्तिक काढू नका हं, इथं वेगळा अर्थ घेतात." सगळ्यांनी माना डोलावल्या, रांगोळीत कमळ काढलं, आणि आपण केवढे समंजस म्हणून चहा प्यायले. पण आपला कार्यक्रम म्हटला की प्रतिमापूजन आलंच. टेबलावर हागनरची फ्रेम, पुढे समई, ताटात हार. ह्यात काही वावगं आहे हे एकाही शहाण्याच्या डोक्यात आलं नाही. जो फोटोत तो वंदनीय, एवढंच आपल्याला ठाऊक!

लेओ कोट घालून, टाय बांधून आले. मित्राचं पुस्तक म्हणून आले. वीणानं शाल पांघरली, नारळ दिला, हातात हार ठेवला आणि फ्रेमवरचा रुमाल बाजूला केला. लेओंनी वाकून फोटो जवळून पाहिला.

"ह्या माणसाला मी पाहिलंय," ते हळूच म्हणाले. "हा आमच्या घरात राहायचा."

प्रल्हादरावांना आकाश ठेंगणं झालं. त्यांनी माईक ओढला. "मंडळी, आमच्या मित्रानं जनरलसाहेबांना प्रत्यक्ष पाहिलंय! त्यांच्या घरी साहेबांचा मुक्काम होता!"

आणि टाळ्या पडल्या. कडकडून पडल्या. मुलं पोहे खाता खाता वर बघायला लागली.

गिरिजा पुढे बसली होती. लेओंचा चेहरा तिला दिसत होता. ती उठून जवळ गेली, इंग्लिशमध्ये विचारलं, "मग तेव्हा तुम्ही कुठे राहत होता?"

"आम्हाला बाहेर काढलं," लेओ म्हणाले. "आम्ही ज्यू. आईला आणि दोन्ही बहिणींना जंगलात नेलं. मला शेजारणीनं गवताच्या कोठारात लपवलं होतं. आवाज ऐकू आले."

माईक चालूच होता. टाळ्या एकेक करत थांबल्या. लेओंनी हार परत ताटात ठेवला, शालीची नीट घडी घातली, वीणाच्या हातात दिली आणि कुणाकडेही न बघता निघून गेले. रागानं गेले असते तरी प्रल्हादरावांना बरं वाटलं असतं.

दुसऱ्या दिवशी ते लेओंच्या दारात जाऊन उभे राहिले. गिरिजा म्हणाली होती, "बाबा, थोडे दिवस जाऊ देत." पण त्यांना थांबवेना. लेओंनी दार उघडलं, आत या म्हटलं नाही.

"मला ठाऊक नव्हतं," प्रल्हादराव म्हणाले. "देवाशपथ ठाऊक नव्हतं. माफ करा मला."

लेओंनी त्यांना आपल्या गावाचं नाव सांगितलं. मग विचारलं, "तुम्ही आयुष्यभर ह्या माणसावर लिहिलंत. त्यात हे गाव आहे?"

खोटं बोलता आलं असतं. पुस्तक मराठीत, लेओ थोडेच वाचणार होते? पण जन्मभर मास्तरकी केलेला माणूस.

"आहे," ते म्हणाले.

"काय लिहिलंय?"

प्रल्हादरावांना स्वतःचं प्रत्येक वाक्य पाठ होतं. त्यांनी ते मनात इंग्लिशमध्ये लावलं आणि खाली मान घालून म्हटलं, "'उन्हाळाभर इथं डिव्हिजनला चांगली विश्रांती मिळाली.'"

लेओंनी मान हलवली आणि दार लावून घेतलं.

त्यानंतर लेओ केंद्रात आले नाहीत. प्रल्हादराव रोज जातात, काळ्या-पांढऱ्या सोंगट्या न मांडताच बसून राहतात, आणि दुपारी गिरिजा घ्यायला आली की निमूट गाडीत बसतात. ते वाक्य त्यांना खोडायचंय. खोडतातही. पण तिथं खरं काय लिहायचं, हे त्यांना माहीत नाही, आणि ज्याला माहीत आहे तो दार उघडत नाही.