माईक गप्प ठेवायला शिकलेली विमलाआत्या

रत्नागिरीच्या एस.टी. स्टँडवर एके काळी एक आवाज घुमायचा. चिपळूणला जाणारा माणूस चहाच्या टपरीवर असो की पेपरवाल्यापाशी, तो आवाज कानावर पडला की कप खाली ठेवायचा आणि पिशवी उचलायचा. पोफळीच्या कॉलनीत राहणाऱ्या नोकरदारांना गाडीची पाटी वाचावी लागत नसे. त्या आवाजानं सांगितलं म्हणजे गाडी लागली. आवाज घोगरा होता, जाडसर होता, पितळेच्या परातीत शेंगदाणे ओतावेत तसा. पण खरा होता. पंखे, हॉर्न, भांडणारी पोरं, सगळ्यांच्या वरून तो आरपार जायचा. थेटरात शेवटच्या रांगेतल्या माणसाच्या खिशात शब्द नेऊन ठेवणारे नट असतात ना, त्या जातीचा.

तो आवाज विमलाचा.

शाळेत असताना ह्याच आवाजानं तिला रडवलं होतं. गॅदरिंगच्या नाटकात काम मागायला ती गेली, तेव्हा नाटक बसवणाऱ्या गुरुजींनी सगळ्यांदेखत विचारलं होतं, "हा आवाज आहे की कातळावरून ओढलेली होडी?" पोरं खो खो हसली. विमलाला पडद्याची दोरी ओढायचं काम मिळालं. पुढं कितीतरी वर्षं ती चारचौघांत तोंडावर पदर धरूनच बोलायची.

मग ती एस.टी.त लागली, आरक्षणाच्या खिडकीवर. एक दिवस गाड्या पुकारणाऱ्या काशीरामचा घसा बसला. त्यानं हातानं खुणा करून माईक तिच्याकडं सरकवला. घाबरत घाबरत तिनं पहिली गाडी पुकारली आणि सगळा स्टँड वळून बघायला लागला. हसायला नव्हे, गाडी पकडायला! आपला आवाज म्हणजे अडगळ नाही, कामाची वस्तू आहे, हे विमलाला त्या दिवशी कळलं. काशीरामनं घसा सुटल्यावरही माईक परत घेतला नाही. फक्त एक धडा दिला. "माईक हातात असला की तो रिकामा ठेवायचा नाही, विमले. शांतता झाली की माणसं घाबरतात नि भलत्याच गाडीमागं धावत सुटतात."

हा धडा तिनं निवृत्तीपर्यंत पाळला. आणि पुढं त्याच धड्यानं तिचा घात केला.

निवृत्तीनंतर विमला आरे-वारेच्या रस्त्यावरच्या आपल्या वाडीत परत आली. लग्न केलं नव्हतं, वाडी माहेरचीच, म्हणून लहानथोर सगळ्यांची ती आत्या. दर शनिवारी देवळाच्या सभामंडपात ती वाडीतली पोरं जमवायची. म्हणायला नाटकाची तालीम. खरं कारण वेगळंच होतं. पहिल्याच दिवशी तिनं प्रत्येकाला विचारलं होतं, "तू कोण?" आणि एकानंही धड उत्तर दिलं नव्हतं. दर्शन म्हणाला, "मी काय नाय, मी असाच." रितेशनं कान झाकून घेतले, कारण शाळेत त्याला सूप म्हणायचे. वयात येणारी पोरं ती. आरशात आपल्याला सोडून बाकी सगळं बघणारी.

तेव्हा आत्याला गाऱ्हाणं सुचलं. शिमग्यात पालखीपुढं मानकरी रावजी घालतो तसलं. रावजी खड्या आवाजात देवाला हाक मारतो, एकेक मागणं मांडतो आणि प्रत्येक मागण्याला अख्खा गाव होकार देतो, "व्हय म्हाराजा!" आत्या म्हणाली, "आपणपण घालायचं. पण स्वतःचं. आधी आपण कोण, कसे, ते सांगायचं. मग मागायचं. माझ्यातलं अमुक काढून टाक, असं मात्र देवाकडं मागायचं नाही. त्यानं दिलेलं परत घ्यायला लावू नका."

दर्शन सगळ्यात आधी उठला. "बा देवा म्हाराजा, हा दर्शन. उंचीनं बुटका हाय, पण आंब्याच्या शेंड्यावर सगळ्यांच्या आधी पोचतो म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

"तर यंदा बागेत आंबे काढायचा झेला माझ्याच हातात दे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

मग रितेश. "ह्ये कान मोठे हायत म्हाराजा. आत्याच्या घरी घावणे पडले की तव्याचा आवाज मलाच पयला ऐकू येतो!"

पोरं हसून लोळली, पण होकार सगळ्यांनी दिला. आणि काय सांगावं, आपल्याच तोंडून आपलं वर्णन, त्यावर आपल्याच माणसांची मोहोर! रितेशनं त्या दिवसापासून कान झाकले नाहीत.

संस्कृती आली ती ह्या सगळ्यानंतर. नववीतली पोर. बाप जहाजावर, आई योगिनी आंब्याच्या कॅनिंगमध्ये कामाला. संस्कृती बोलताना अडखळायची. सगळ्यात जास्त अडायची ती स्वतःच्याच नावावर. वर्गात उभं राहून धडा वाचतानाचं तिचं अडखळणं कुणीतरी मोबाइलवर घेतलं होतं आणि ते सगळ्यांच्या फोनवर फिरलं होतं. तेव्हापासून ती शाळेत हाताच्या खुणांवर भागवत असे. सभामंडपात ती खांबाला टेकून बसायची, पडदे रंगवायची, मुकुटांना बेगड चिकटवायची आणि दुसऱ्यांच्या गाऱ्हाण्यांना सगळ्यात मोठ्यानं "व्हय म्हाराजा" म्हणायची. सगळ्यांबरोबर एका सुरात म्हणताना ती कधीच अडायची नाही.

आत्यानं तिला कधी उठवलं नाही. एका शनिवारी ती आपली आपणच उठली.

"बा द... देवा म्हाराजा," ती म्हणाली. "मी स... स... स..."

सभामंडप स्तब्ध झाला. पोरीची मान ताणली गेली, डोळे मिटले गेले. आणि आत्याच्या अंगातला तो जुना स्टँड जागा झाला. माईक रिकामा! शांतता झाली! गाडी चुकणार!

"संस्कृती!" आत्या आपल्या भरदार आवाजात म्हणाली.

"व्हय म्हाराजा!" पोरांनी होकार ठोकला.

संस्कृतीचं तोंड उघडंच राहिलं. धावत येऊन दांडीला हात घालावा आणि तेवढ्यात गाडीनं फलाट सोडावा, तसा तिचा चेहरा झाला. ती खाली बसली नाही. चपला पायात घालून सरळ घरी गेली. पुढच्या शनिवारी आली नाही. त्याच्या पुढच्याही नाही.

आत्याला वाटत होतं, लाजली असेल, येईल. पण एके संध्याकाळी योगिनीच दारात येऊन उभी राहिली.

"आत्या, राग मानू नकोस हां."

"अगो, बस तर खरी. पोरगी कुठाय?"

"घरातच. म्हणते, शाळेतली पोरं परवडली. ती हसतात, पण माझं नाव माझ्याकडं ठेवतात. आत्यानं ते घेतलंच."

योगिनी निघून गेली. आत्याला ते शाळेतले गुरुजी आठवले. त्यांनी तिचा आवाज हसून काढून घेतला होता. आत्यानं ह्या पोरीचा मायेनं काढून घेतला होता. पोरीच्या हातात मात्र दोन्ही वेळा काहीच उरलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी ती योगिनीच्या घरी गेली. मागीलदारी संस्कृती सुपाऱ्या सोलत बसली होती. आत्या समोर बसली, तिनंही एक सुपारी उचलली आणि सोलायला लागली. बोलली नाही. हे लिहायला सोपं आहे. विमलाआत्याला न बोलणं म्हणजे काय, ते वाडीला विचारा! जिभेवर शब्द रांग लावून उभे होते. माफी होती, समजूत होती, थट्टा होती. तिनं एकालाही गाडीत घेतलं नाही. सोललेल्या सुपाऱ्यांनी पुढ्यातलं सूप अर्धं भरलं, तेव्हा पोर बोलली.

"त... तुला वाईट वाटलं?"

आत्यानं मान डोलावली.

"मला म... म..." संस्कृती अडली. आत्याचे ओठ हलले. तिनं ते दाबून धरले. वरून कावळा ओरडत गेला, आत कुकरची शिट्टी झाली. "...मदत नको असते आत्या. मी प... पोचते. लोक थांबत नाहीत."

"मी थांबेन," आत्या म्हणाली.

"तू?" संस्कृती खुदकन हसली. "तू ग... गाड्यासुद्धा कधी थांबू दिल्या नाहीस!" मग गंभीर झाली. "पूजेला नाटकाआधी ग... गाऱ्हाणं मी घालणार. अख्ख्या गावासमोर. माझं नाव मी सांगणार. तू विंगेत असशील, पण तोंड उघडायचं नाही."

"आणि उघडलं तर?"

"मग मी क... कधीच उठणार नाही."

माघात वाडीची सत्यनारायणाची पूजा असते, संध्याकाळी मुलांचं नाटक. तोवर तालमी सुरू झाल्या, आणि ह्या खेपेला पोरं शांत बसण्याची तालीम करत होती. आत्यानं समजावलं, "होकार वाक्य पुरं झाल्यावर द्यायचा. आधी दिला तर तो होकार नाही, धक्का आहे. आणि थांबायचं म्हणजे कीव आल्यासारखं तोंड करून नाही. भरतीची वाट बघतो तसं. येणार हे माहीत असतं ना, तसं."

पोरांना जमलं. आत्याला जमेना. संस्कृती अडली की हिच्या घशातून आपोआप "सं..." निघायचं.

"आत्या आउट!" दर्शन ओरडायचा. "आत्या, तूच मागं जाऊन बस बघू!"

शेवटी संस्कृतीनंच उपाय काढला. घरची एक अख्खी सुपारी आणून तिनं आत्याच्या हातावर ठेवली. "त... तोंडात धर. चावायची नाही."

पूजेची संध्याकाळ आली. देवळापुढं मांडव, मांडवात सगळी वाडी आणि शेजारच्या वाड्याही. मुंबईहून चाकरमानी आलेले. संस्कृतीच्या वर्गातली काही पोरंही मागं उभी होती, आणि त्यांच्या हातात मोबाइल होते. विंगेत एका बाजूला गालात सुपारी धरलेली आत्या, शेजारी फेटा बांधलेला रावजी. पोरीनं गाऱ्हाणं घालायचं म्हटल्यावर तो आधी कुरकुरला होता. मग "चुकली तर मी हाय" म्हणून मुद्दाम जवळ येऊन उभा राहिला होता.

पडदा वर गेला. प्रकाशात संस्कृती एकटी. गुलाबी परकर, दोन वेण्या, हातात नारळ.

"बा देवा म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" गाव गरजलं.

"मी स... स..."

माईकमधून तो एकच आवाज मांडवभर फिरत राहिला. मागच्या रांगेत कुणीतरी फिसकन हसलं. एक मोबाइल वर झाला. पुढची एक बाई कळवळून म्हणाली, "अरे, सांगा रे कोणीतरी तिला!" रंगमंचावर असा क्षण येतो तेव्हा काळ चालत नाही. तो नटाच्या छातीवर येऊन बसतो.

रावजी पुढं सरकला. "विमले, पोर अडकली गो. मी सांगतो." आत्यानं त्याचं मनगट पकडलं. "अगो, सोड!" तिनं आणखी घट्ट धरलं. तिच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं, सुपारीवर दात रुतले, आणि जिभेच्या टोकावर पोरीचं नाव नाचत होतं. एक शब्द, फक्त एक! तो उच्चारला असता तर मांडवानं सुटकेचा श्वास टाकला असता आणि पोर आयुष्यभर खांबाला टेकून राहिली असती.

पुढं जमिनीवर बसलेली शनिवारची पोरं हलली नाहीत. कुणी मागं वळलं नाही, कुणी मान खाली घातली नाही. दर्शन, रितेश, सगळी नुसती वर बघत होती, भरतीची वाट बघावी तशी. आणि ती शांतता हळूहळू मागं सरकत गेली. पुढच्या रांगा गप्प झाल्या, मग मधल्या, मग ती मागची पोरंसुद्धा. वर झालेला मोबाइल खाली आला.

संस्कृतीनं डोळे उघडले. तिला घाई नव्हती.

"...संस्कृती. योगिनीची लेक."

"व्हय म्हाराजा!" पोरांनी असा होकार दिला की मांडवाच्या झावळ्या हलल्या. त्यात सगळ्यात मोठा आवाज आत्याशेजारून आला. तो रावजीचा होता.

"माझे शब्द उ... उशिरा येतात म्हाराजा. पण येतात!"

"व्हय म्हाराजा!"

"तर ज्याला ज्याला ब... ब... बोलायला वेळ लागतो, त्याला थ... थांबणारी माणसं दे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

आता गावसुद्धा शिकलं होतं. प्रत्येक वाक्य पुरं होईपर्यंत कुणी तोंड उघडत नव्हतं. पुढच्या रांगेत योगिनी पदराला डोळे पुसत ताठ बसली होती. विंगेतल्या बाईनं आयुष्यात हजारो गाड्या वेळेवर सोडल्या होत्या. पण आपण काहीही न बोलता एखादं माणूस असं मुक्कामाला पोचताना तिनं पहिल्यांदाच पाहिलं. त्या वेळी तिच्या चेहऱ्यावर जो दिमाख होता, तो रंगभूषेनं आणता येत नाही.

पडदा पडल्यावर रावजी मनगट चोळत म्हणाला, "हात सुजवलास गो माझा! एवढा जोर कुठं ठेवला होतास?"

आत्यानं सुपारी तोंडातून काढली. तिचे दोन तुकडे झाले होते.

तेवढ्यात पूजा मांडणाऱ्या मंडळाचा सदू धावत आला आणि त्यानं माईक तिच्यापुढं धरला. "आत्या, मंडळाकडून पोरीचा सत्कार करायचाय. नाव तूच पुकार! तुझ्या आवाजात पुकारलंस की जरा वजन येतं."

आत्यानं माईक हातात घेतला. क्षणभर तो तसाच, रिकामा धरला. समोरचं गाव वाट बघत राहिलं. मग तिनं तो संस्कृतीच्या हातात दिला.

"तिचं नाव तीच सांगेल," ती म्हणाली. "बसा जरा निवांत."