चितेत गेलेली किल्ली

ताडकळसच्या बाजारात बुद्धभूषणचं मोबाईल दुरुस्तीचं दुकान. मेलेला फोन आणा, भूषण त्यात जीव घालतो, अशी त्याची ख्याती. पण धाकटा भाऊ धम्मानंद पुण्याहून मोटरसायकलवर गावाकडं येताना ट्रकखाली गेला, तिथं कुणाची कारागिरी चालती?

धम्मानंदला हातात धरून खेळायच्या गेमच्या यंत्राचं लय याड. त्यातला लाडका गेम शेतीचा. रोजानं खुरपायला जाणाऱ्या सगुणाबाईला फोनवर सांगायचा, "माय, तुझ्या नावानं घर बांधलंय त्यात. दारात आंबा लावलाय. आलो की दाखवतो."

स्मशानात पंडितकाका म्हणले, "ते गेमचं डबडं बारक्या पोरांला दे रं, खेळतील." भूषणनं ऐकलं न्हाई. बापाच्या सरणावर तंबाखूची डबी ठेवली होती, तसं भावाच्या छातीवर त्यानं गेमचं यंत्र ठेवलं. जाळ धरला तशी त्यातली बॅटरी फाटकन फुटली. माणसं मागं सरली.

पुढं धम्मानंदच्या बॅगेत नखाएवढं मेमरी कार्ड सापडलं. बिघाड झाला तर असावी म्हणून त्यानं आख्ख्या यंत्राची नक्कल काढून ठेवलेली. भूषणला हत्तीचं बळ आलं. मायला घर दाखवायचंच! कंप्युटरवर एमुलेटर टाकला, म्हंजी त्या यंत्राचं सोंग. सोंगानं किल्ल्यांची, म्हंजी कुलूप उघडायच्या आकड्यांची फाईल मागितली. तिच्याबिगर सगळं कुलपात. भूषणनं इंटरनेटवरून कुणाच्या तरी किल्ल्या उतरवून फोल्डरात घातल्या. गेम उघडला. भावाची नक्कल मातर उघडंना. किल्ल्या बदलून बघितल्या, तरी तेच. शेवटी परभणीच्या रंगनाथला फोन लावला. तो बी याच धंद्यातला.

"येड्या, गेमच्या किल्ल्या कुणाच्या बी चालतात. खेळलेलं साठतं तिथलं कुलूप ज्याचं त्याचं. ती किल्ली त्याच्याच यंत्रातून काढावी लागती. यंत्र कुठाय?"

भूषणनं फोन ठेवला.

दुपारी सगुणाबाई दुकानात आली. पोराचं काहीतरी सापडलंय, एवढंच तिच्या कानावर आलेलं. चष्मा पुसून स्टुलावर बसली. भूषणनं तोच गेम नव्यानं पहिल्यापासून सुरू केला. मोकळं रान, गुडघाभर गवत, मधी एक बाहुला.

"घर कुठाय रं?"

"लांब हाय, माय."

"अन् आंबा?"

भूषणनं बाहुला गवतातनं पुढं चालवला.

"हे त्याचं न्हाई," ती म्हणली.

"न्हाई. त्याचं त्याच्यासंग जळालं. म्याच ठेवलं सरणावर."

 सगुणाबाई गुडघ्यावर हात देऊन उठली.

"बंद कर. दुसऱ्याचं रान जल्मभर बघितलंय म्या."