चांदीच्या चिलखतातली उडी

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्यालाही नाही — आणि त्याला तर मी पार्किंगवरून झालेली भांडणंसुद्धा सांगते. तुम्हाला का सांगतेय, कोण जाणे.

आज दुबईत दुभाषी म्हणून माझं जे काही नाव आहे, ते एका जपानी नटामुळे. त्यांचे उपकार फिटणारे नाहीत. तरुणपणी टीव्हीवर ते चांदीच्या चिलखतातले अंतराळवीर होते, मग परग्रहावरचे दुष्ट राजे झाले, म्हातारपणी दाढीवाले जादूगार. पाच वर्षांपूर्वी ते इथल्या चाहत्यांच्या मेळाव्याला आले. मी तेव्हा जुमेरा लेक टॉवर्समधल्या एका ऑफिसात यंत्रांची माहितीपत्रकं जपानीतून इंग्रजीत करत असे. जपानी पुण्यात शिकलेलं, स्टेजचा अनुभव शून्य. त्यांनी सकाळभर शेजारी बसवून मला धीर दिला, स्वतः चहा ओतून दिला. असं कोण करतं?

संध्याकाळी सभागृह भरलं. एकानं विचारलं, बुरुजावरून मारलेली ती प्रसिद्ध उडी — भीती नाही वाटली?

ते म्हणाले, ती उडी माझी नाहीच. चिलखतात माझा मित्र होता. त्याची कंबर मोडली, तो पुन्हा चालला नाही. श्रेयनामावलीत त्याचं नाव कधी आलं नाही. आता तो हयात नाही. त्यांनी त्याचं नाव घेतलं आणि म्हणाले, आज त्याच्यासाठी टाळ्या वाजवा.

मला समजलं होतं. शब्दन् शब्द समजला होता. आयोजकानं सकाळीच बजावलं होतं, "मॅडम, सब पॉझिटिव्ह रखना, हीरो की इमेज है." पण त्याच्यावर कशाला ढकलू? त्यानं माझं तोंड थोडंच धरलं होतं? समोर मुलं चांदीचे मुखवटे घालून बसली होती — आणि मी कच खाल्ली. आमच्या कामात दुसऱ्याचं बोलणं 'मी' म्हणूनच सांगायचं असतं. मी माईकवर इंग्रजीत सांगितलं, भीती वाटली, पण ती उडी मी मारली — तुमच्यासाठी.

अख्खं सभागृह उभं राहिलं. त्यांना इंग्रजी येत नव्हतं. टाळ्या मित्रासाठीच आहेत असं समजून ते रडले, आणि कमरेत वाकून त्यांनी मला नमस्कार केला. "आई, यू वेअर अमेझिंग!" पहिल्या रांगेतली माझी लेक नंतर म्हणाली.

पुढे प्रत्येक दौऱ्याला त्यांनी मलाच मागितलं, दहा ठिकाणी माझं नाव सुचवलं. ऑफिस सोडून मी हेच काम करू लागले. किती वेळा सांगता आलं असतं? दर वेळी गप्प बसले. गेल्या वर्षी ते गेले.

मग त्या मित्राच्या बायकोचं पत्र आलं. दुबईत लोक तुझ्या नवऱ्यासाठी उभे राहिले, हे ते दर पुण्यतिथीला घरी येऊन तिला सांगत. आता सांगणारं कुणी उरलं नाही. तुम्ही तिथं होतात, एकदा लिहून पाठवाल का?

मी लिहिलं. सुवाच्य अक्षरात, दोन पानं. टाळ्या किती वेळ चालल्या ते लिहिलं. तुमच्या नवऱ्याचं नाव ऐकताच लोक उठले, असंही लिहिलं.