हवेत थापलेली भाकरी

हे गेले त्या सकाळी फिरायला निघताना ह्यांनी इस्त्रीचा शर्ट घातला होता. इथे सिंगापुरात सेम्बावांगच्या जेट्टीपर्यंत चालत जायचं, उभ्या असलेल्या बोटी बघायच्या आणि परत यायचं, त्याला इस्त्रीचा शर्ट कशाला? मी विचारलं नाही. मला विचारायची सवय नव्हती, बघायची होती. "येतो गं" म्हणून त्यांनी दार ओढून घेतलं. थोड्या वेळाने शेजारच्या ब्लॉकमधले चिनी अंकल दारात येऊन उभे राहिले. रोज ह्यांच्याबरोबर चालायला जाणारे तेच. त्यांच्या हातात ह्यांची एक चप्पल होती. मी त्या चपलेकडे बघत राहिले... जेट्टीवरच्या बाकावर बसले आणि बसल्या जागी कलले, हे नंतर कळलं. शर्टाचंही नंतरच कळलं. त्या दिवशी अंकलचा वाढदिवस होता आणि दोघं फिरून झाल्यावर कॉफी प्यायला जाणार होते. एवढंच. पण अंकलनी ते सांगेपर्यंत, म्हणजे दिवसकार्य होऊन माणसं पांगेपर्यंत, मी रडता रडताही त्या शर्टाचाच विचार करत होते.

बोटीवरच्या माणसाची बायको अशीच होते. हे बोटीच्या इंजिनात फिटर होते. लग्न झालं तेव्हा आम्ही गुहागरच्या बाजूला गावी राहायचो. वर्षातले दोन महिने नवरा घरी, बाकीचे दिवस तो कुठल्या समुद्रात आहे ते पोस्टमन सांगेल तेव्हा कळायचं. घरी आले की सासूबाई बॅग उघडायच्या आणि मी लांबून बघायचे. कुठला साबण वापरलाय, शर्टाचं तुटलेलं बटण कुणी लावलंय, लावलं असेल तर टाका बाईचा की पुरुषाचा. आमचा मुलगा वर्षाचा असताना एका सफरीत ह्यांची पत्रं अचानक थांबली. केळी वाहून नेणारी बोट होती. ग्वाटेमाला नावाच्या देशात एका बंदरात तिचं इंजिन गेलं, मालकाने हात वर केले आणि बोट माणसांसकट तिथेच अडकून पडली. पाचेक महिन्यांनी हे घरी आले. बरोबरचा दापोलीचा पोरगा काटकीसारखा होऊन परतला होता, त्याची आई त्याला बघून भिंतीला टेकली. हे मात्र गेले होते तसेच आले. सासूबाईंनी देवापुढे नारळ फोडला. मी ह्यांच्या भरलेल्या गालांकडे बघत होते.

मग एक दिवस मला ताप चढला आणि सासूबाई माहेरी गेलेल्या. हे उठून चुलीपाशी गेले. ज्या माणसाला पाण्याचा तांब्या कुठे असतो ते माहीत नव्हतं, त्याने पीठ मळलं, गोळा दोन तळहातांत घेतला आणि टाळ्या वाजवाव्यात तशी भाकरी हवेतच थापली. लहान, गोल, कडेला कुठे चीर नाही. आमच्याकडे भाकरी परातीत थापतात. असं थापताना मी कुणालाही बघितलं नव्हतं. अंथरुणातूनच मी विचारलं, हे कुठे शिकलात? "बोटीवर," म्हणाले. बोटीवर पंजाबी आचारी होता, हे मला माहीत होतं. आणि असली गोष्ट दारात उभं राहून शिकता येत नाही. कुणाच्या तरी शेजारी बसावं लागतं, रोज, बरेच दिवस... मी भाकरी खाल्ली, चांगली झाली होती. संशय तेव्हापासून घरात राहायला आला. पुढे ह्यांना इथल्या शिपयार्डात नोकरी लागली, आम्ही सिंगापूरला आलो, मुलगा इथे शिकून चांगी बिझनेस पार्कात कामाला लागला, नात झाली. संशय प्रत्येक घर बदलताना सामानाबरोबर आला.

ह्यांच्या साठीला मुलगा म्हणाला, बाबा, तुम्ही दोघं कुठे जाणार सांगा, सगळं मी बघतो. मला वाटलं काशी म्हणतील, नाहीतर स्वित्झर्लंड, आमच्या बिल्डिंगमधले सगळे तिथेच जातात. हे म्हणाले ग्वाटेमाला. माया लोकांची जुनी देवळं आहेत, जंगल आहे, नद्या आहेत, बघायची राहिली. सून म्हणाली, वा, बाबा किती वेगळा विचार करतात. मी म्हटलं, करतात खरे. मुलाने तिकडचा एक गाईड शोधला, मातेओ नावाचा. फक्त आमच्यासाठी गाडी आणि तो, पाच दिवस. पुढचे दोन महिने हे बेडरूमचं दार लावून मातेओशी फोनवर बोलत. मधूनच कळणार नाही अशा भाषेतले शब्द यायचे आणि हसणं. मी दाराबाहेर कपड्यांच्या घड्या घालायचे. एका टॉवेलची किती वेळ घडी घालता येते, ते मला तेव्हा कळलं.

तीन विमानं बदलून आम्ही पोहोचलो. मातेओ काळासावळा, बुटका, आमच्या गावात खपून जाईल असा होता. तो स्वतःही माया लोकांपैकीच. पहिले दोन दिवस त्याने टिकाल हे मायांचं जुनं शहर दाखवलं. जंगलातून चालताना असा आवाज आला की मी वाघ समजून ह्यांचा दंड धरला, तर ती माकडं होती. झाडांच्या वर दगडी देवळांची टोकं निघालेली, लाकडी जिने चढून मी एकावर गेले. वरून नुसतं हिरवं, समुद्रासारखं. मला ते फार आवडलं, हे मी कुणाला सांगितलं नाही. हे खालीच बसले होते. देवळं बघायला आलेला माणूस एकही पायरी चढला नाही. वरून मला दिसत होतं, ते मातेओला हातवारे करून काहीतरी विचारत होते. मी खाली उतरल्यावर गप्प झाले.

तिसऱ्या दिवशी रस्त्याकडेच्या टपरीवर गाडी थांबली. एक बाई तव्याशी उभी होती. तिने मक्याचा गोळा तळहातात घेतला आणि टाळ्या वाजवाव्यात तशी भाकरी हवेत थापली. मी ह्यांच्याकडे बघितलं. हे रस्त्यावरच्या गाड्या बघत होते. त्याच दुपारी एका धबधब्यावर गेलो, वरून कढत पाणी पडतं आणि खाली थंडगार नदी. हे लहान मुलासारखे त्या पाण्याखाली बसले. मी काठावर कपडे आणि बॅग सांभाळत होते. बॅग सांभाळताना उघडली. तळाशी सिंगापूरच्या लिटल इंडियातल्या दुकानाची पिशवी होती आणि पिशवीत साडी होती. हिरवी, सुती, बारीक काठाची. मी हिरवं नेसत नाही.

दुसऱ्या दिवशी माया राजांचे दगडी खांब बघितले. दोन-तीन माणसांएवढे उंच, त्यांच्यावर कोरलेले चेहरे. मातेओ म्हणाला, प्रत्येक राजाने आपली हकिगत आपणच कोरून घेतली. मी मनात म्हटलं, म्हणजे सोयीची तेवढीच. बाहेर मैलोन् मैल केळीच्या बागा होत्या. तिथे मात्र हे गाडीतून उतरले आणि एका घडाला हात लावून उभे राहिले. मग मातेओने गाडी कच्च्या रस्त्याला घातली. हे कार्यक्रमात नव्हतं.

नदीकाठी पत्र्याचं घर होतं. माझ्याहून दहाएक वर्षांनी मोठी बाई बाहेर आली. पांढरी वेणी, दातांत फट. तिचं नाव रोसा. मातेओने सांगितलं, पूर्वी बंदराच्या फाटकाशी हिची खाणावळ होती, नवरा लवकर गेला, मूलबाळ नाही. तिने ह्यांचा चेहरा दोन्ही हातांत धरला. मग माझ्याकडे बघून ती बरंच काही बोलली, बोलतच राहिली. मी मातेओला विचारलं, काय म्हणते? त्याने ह्यांच्याकडे एकदा बघितलं आणि म्हणाला, "वेलकम म्हणते." एवढ्या लांब बोलण्याचा एवढाच अर्थ!

ह्यांनी साडी दिली. तिने ती घडी न मोडता डोक्यावर ठेवली आणि हसली. मग चुलीपाशी बसली. हे न सांगता तिच्या शेजारच्या ठोकळ्यावर जाऊन बसले, जागा ठरलेली असावी तसे, आणि तिच्यासमोरच्या पिठातला गोळा उचलला. दोघं थापत होती. एका ठेक्यात. एकाचा हात मागे नाही, दुसऱ्याचा पुढे नाही. इतकी वर्षं संसार करून माझा आणि ह्यांचा हात कुठल्याच कामात असा जुळला नव्हता... मी पोट बरं नसल्याचं सांगितलं आणि एक घासही घेतला नाही. निघताना तिने त्या भाकऱ्या फडक्यात बांधून माझ्या मांडीवर ठेवल्या.

गाडीत मी विचारलं, "ती कोण?"

"तिने जेवायला घातलं."

"बस?"

"बस म्हणजे काय? पाच महिने जेवायला घातलं."

"जेवायला घालणाऱ्या सगळ्यांना साडी मिळते वाटतं. मला तर दिवाळीला तेवढी मिळते."

हे हसले आणि खिडकीबाहेर बघायला लागले. त्यानंतर हा विषय निघाला नाही. दापोलीच्या पोराला तिने का जेवायला घातलं नाही, हे माझ्या ओठांवर होतं. विचारू, विचारू म्हणताना सात महिने गेले आणि मग तो इस्त्रीचा शर्ट आला.

दिवसकार्य झाल्यावर मी नातीला म्हटलं, मातेओला कळव, आणि त्या बाईलाही सांग म्हणावं. नात म्हणाली, "आजी, हू इज शी?" मी म्हटलं, आजोबांच्या ओळखीची. खरं लिहायचं तर कळवणं हे निमित्त होतं. ती किती रडते ते मला बघायचं होतं. रडण्यावरून बाईला बाई बरोबर ओळखते.

उत्तर आठवड्याने आलं, कारण मातेओला तिच्या गावी जावं लागलं. त्याने तिचा आवाज पाठवला होता. नातीने फोन ओट्यावर ठेवून लावला. आधी लाकडं तडतडल्याचा आवाज, मग त्या म्हातारीचा. रडत नव्हती. तीच ती ओळ सावकाश पुन्हा पुन्हा म्हणत होती. पहिल्यांदा मला कळलं नाही. दुसऱ्यांदा नात माझ्याकडे बघायला लागली. "आजी, शी इज स्पीकिंग मराठी, लाह."

"सुमन, जेवलीस का... सुमन, जेवलीस का..."

मातेओने खाली इंग्रजीत लिहिलं होतं, ते नातीने वाचून सांगितलं. बंदरावर येणारे खलाशी जेवणाआधी आपापली प्रार्थना म्हणत. हे पहिला तुकडा हातात घ्यायचे, भिंतीकडे बघत एवढं म्हणायचे आणि मगच खायचे. तिला वाटलं, ही ह्यांची प्रार्थना. ऐकून ऐकून तिला पाठ झाली. आता हे गेले म्हणून ती रोज मेणबत्ती लावून तीच म्हणते. तिने दोन गोष्टी विचारल्या होत्या. म्हणते ते बरोबर आहे का, आणि सुमन हे कुठल्या देवाचं नाव.

आमच्या घरी सासूबाई सगळ्यांना वाढायच्या आणि उरेल ते माझं. कधी उरायचं, कधी नाही. मी तेव्हा अगदी वाळकी होते. नवऱ्याने आईदेखत बायकोला जेवलीस का म्हणून विचारायची रीत नव्हती, सुमन अशी नावाने हाक मारायचीही नव्हती. ह्यांनी दोन्ही कधी केलं नाही. पुढे इथे आल्यावर विचारायला कुणाची आडकाठी नव्हती, तरी नाही. मला वाटायचं, ह्यांच्या ते लक्षातच आलेलं नाही.

संशय गेला असं मी लिहिणार नाही. दुसऱ्या बाईच्या नवऱ्याचे चार शब्द इतकी वर्षं कोण सांभाळून ठेवतं? अर्थ माहीत नसताना? ते सांगणारा माणूस आता नाही. नात फोन हातात घेऊन थांबली होती.

"आजी, काय लिहू?"

"लिही, बरोबर म्हणते आहे."

"आणि देवाचं?"

माझं ताट अजून झाकलेलं होतं. मी त्यावरचं झाकण काढलं आणि ओट्याशी उभ्या उभ्याच पहिला घास घेतला.

"ते राहू दे," मी म्हटलं. "तिला सांग, जेवले."