तातडीचं नसलेलं

म्हैसूर शहरात पोलीस ठाण्याची पायरी हौसेनं चढणारा एकच माणूस होऊन गेला, आणि तो माझा थोरला मामा. बाकीचे लोक ठाण्यासमोरून जाताना उगीचच नीट चालू लागतात. मामा मात्र देवळात शिरावं तसे आत शिरत. आमच्या आजोळी पिढ्यान्‌पिढ्या शिवणकाम. मामांचंही सरस्वतीपुरमच्या तोंडाशी दुकान होतं, आणि हात थकल्यावर दुकान मुलाच्या स्वाधीन करून ते मोकळे झाले होते. मोकळ्या माणसाच्या नजरेला जगातल्या पुष्कळ गोष्टी पडतात. कोपऱ्यावरचा दिवा बंद आहे, शेजारच्या रिकाम्या घराच्या फाटकाची कडी निघाली आहे, बस थांब्यावर कोणीतरी छत्री विसरलं आहे. यातली कुठलीही गोष्ट मामांच्या मते ‘सुम्मने सोडून द्यायची’ नव्हती. सुम्मने म्हणजे उगाच. आमच्या घरच्या मराठीत असे कन्नड शब्द मिठासारखे पडलेले असत.

मात्र तातडीचा फोन फिरवणाऱ्यांचा मामांना फार राग. तो फोन ज्याच्या दारात आग आहे किंवा सुरा आहे त्याच्यासाठी, असं ते सगळ्या गल्लीला बजावून सांगत. शेजारच्या बाईंनी एकदा माळ्यावर चोर शिरला म्हणून तो फोन केला आणि पोलीस आल्यावर तिथून घूस निघाली, तेव्हा दुसऱ्या दिवशी गल्लीतर्फे माफी मागायला मामा स्वतः ठाण्यात गेले. बाईंना हे कळल्यावर त्या महिनाभर मामीशी बोलल्या नाहीत. बाकीच्या कामांना, मामांचं म्हणणं, माणसानं आपल्या पायांनी जावं. सकाळची हजेरी होऊ द्यावी, कोर्टाला जाणारी माणसं निघू द्यावीत, आणि मग जेवणाच्या आधी, इस्त्रीचा शर्ट घालून जावं. जाऊन आधी काय झालं ते सांगावं, मग कुठे, मग कधी. ‘मला काय वाटतं’ हे कोणी विचारल्याशिवाय सांगू नये. हा शेवटचा नियम त्यांना स्वतःला कधी पाळता आला नाही, कारण समोर खाकी कपडा दिसला की त्यांच्यातला शिंपी जागा होई. नव्यानं आलेल्या एका सब-इन्स्पेक्टरला, छत्री जमा करता करता, त्यांनी सांगून टाकलं की साहेब, तुमच्या डाव्या खांद्याची शिवण स्वल्प उतरली आहे. साहेबांनी आठवड्यानं तो शर्ट दुकानात पाठवला, आणि तेव्हापासून मामांना ठाण्यात बसायला खुर्ची मिळू लागली.

हुबळीला लग्नाला जायचं ठरलं की मामा आधी ठाण्यात जाऊन घराला कुलूप असल्याचं कळवत. परत आल्यावर पुन्हा जात, ‘आम्ही आलो’ म्हणून सांगत आणि लग्नातले चिरोटे ठेवून येत. “माझ्या आईला मी घरी पोचल्याचं नंतर कळतं, हवालदारांना आधी,” असं मामी म्हणायची. दसऱ्यात मात्र ते ठाण्याकडे फिरकत नसत. सगळे पोलीस बन्नीमंटपला आणि राजवाड्यापाशी गर्दी आवरत उभे, त्यात आपलं रडगाणं कसलं गायचं? एका वर्षी ऐन नवमीला त्यांचीच सायकल चोरीला गेली. मामी म्हणाली, आत्ता जा. मामा म्हणाले, सायकल गेलीच आहे, ती आणखी कुठे जाणार. दसरा उलटल्यावर ते गेले, तेव्हा सब-इन्स्पेक्टरांनीच कपाळावर हात मारला आणि समजावलं की चोरी ही ताबडतोब सांगायची गोष्ट आहे. सायकल मिळाली नाही. मामांनी ती दुरुस्ती इमानानं स्वीकारली आणि पुढे महिनाभर ज्याला त्याला सांगितली.

अशा मामांच्या फाटकासमोर, होंगेच्या झाडाखाली, एक करड्या रंगाची स्कूटर येऊन उभी राहिली आणि जागची हलेना. हँडलला भाजीची पिशवी होती आणि तीत कोथिंबीर वाळत चालली होती. मामा ठाण्यात जाऊन सांगून आले. हवालदार म्हणाले, नेईल ज्याची तो. मामा पुन्हा गेले, पुन्हा गेले. मधल्या काळात पाखरांनी घाण करू नये म्हणून त्यांनी मामीची जुनी चादर स्कूटरवर घातली. मामीचं मत पडलं की आता तिला संध्याकाळी दिवाही लावा. अखेर पोलिसांनी नंबरावरून मालक शोधला. शहराच्या कडेला बोगादीला राहणारे, निवृत्त झालेले शाळामास्तर. त्यांना सगळे मेष्ट्रु म्हणत; कन्नडमध्ये मास्तरांना तसंच म्हणतात.

मेष्ट्रु ठाण्यात आले तेव्हा मामा तिथे होतेच. स्कूटर चोरीला गेली होती, असं मेष्ट्रु म्हणाले. मग तक्रार का नाही केलीत, असं विचारल्यावर ते रुमालानं मान पुसू लागले. स्कूटरला कुलूप होतं आणि किल्ली त्यांच्याच हातात होती. सब-इन्स्पेक्टरांनी त्या किल्लीकडे पाहिलं, मग मामांकडे पाहिलं, आणि पुढे काही न विचारता घेऊन जा म्हणाले.

मामा त्यांना कॉफी प्यायला घेऊन गेले. तिथे मेष्ट्रुंनी सांगितलं. ते मामांच्या भागात मित्राला भेटायला आले होते, आणि निघताना स्कूटर कुठे लावली ते त्यांना आठवेना. रोज ते बसनं येऊन एकेक गल्ली धुंडाळत होते. मुलीला सांगितलं होतं की स्कूटर दुरुस्तीला टाकली आहे. मागच्याच महिन्यात ते घरचा रस्ताही चुकले होते. मुलीला यातलं काही कळू देऊ नका, एवढीच त्यांची विनवणी होती. गल्लीतल्या बंद दिव्याची बातमीही लपवायला तयार नसलेल्या माझ्या मामांनी कॉफीचा पेला खाली ठेवला. मग म्हणाले, “मेष्ट्रे, ही तातडीची गोष्ट नाही. पण सांगायची गोष्ट आहे. ठाण्यात नव्हे, घरी. मी येतो बरोबर.”

मेष्ट्रुंना चालवू द्यायची मामांची तयारी नव्हती आणि मामांना स्वतःला स्कूटर येत नव्हती. म्हणून दोघा म्हाताऱ्यांनी ती ढकलत बोगादीपर्यंत नेली, वाटेत दोनदा लिंबाचं सरबत पिऊन. एका हवालदारानं हटकलंसुद्धा, आणि मामांनी त्याला काय, कुठे, कधी असं सगळं क्रमानं सांगितलं. मुलगी फाटकात वाट पाहत होती. मेष्ट्रुंनी तिला स्वतःच्या तोंडानं सांगितलं; मामा शेजारी स्कूटर धरून उभे होते. ती रडली, पण तिला आश्चर्य वाटलं नाही. आप्पा, मी तुम्ही सांगायची वाट बघत होते, असं म्हणून तिनं हात पुढे केला, आणि मेष्ट्रुंनी किल्ली तिच्या हातावर ठेवली.

त्यानंतर मामा दर गुरुवारी बसनं बोगादीला जाऊ लागले. दोघे व्हरांड्यात बसून जुन्या म्हैसुरातल्या गल्ल्या एकमेकांना सांगत. हे काही वर्षं चाललं. मेष्ट्रुंच्या आठवणीतल्या गल्ल्या हळूहळू कमी होत गेल्या, मग माणसांची नावंही गेली.

एका गुरुवारी मी काम करते त्या बँकेला सुट्टी होती म्हणून मी मामांबरोबर गेले. मेष्ट्रु आम्हाला पाहून घाईनं उठले आणि खुर्ची पुसून मामांपुढे ठेवली. मामा कोण ते आता त्यांना उमगत नव्हतं. इस्त्रीचा शर्ट आणि ताठ बसणं पाहून त्यांनी मामांना पोलीस इन्स्पेक्टर ठरवलं होतं. दबक्या आवाजात त्यांनी तक्रार मांडली. कुंपणावरची मोगऱ्याची फुलं रोज कोणीतरी तोडून नेतं. आत मुलीच्या केसांत मोगऱ्याचा गजरा होता. मी बोलायला गेले तर मामांनी मला हातानंच थांबवलं. मग ते पुढे झुकले आणि विचारू लागले. कधी लक्षात आलं? सकाळी की संध्याकाळी? कोणावर संशय? मेष्ट्रु एकेका प्रश्नाचं विचार करकरून उत्तर देत होते आणि त्यांचा चेहरा मोकळा होत चालला होता. निघताना ते फाटकापर्यंत आले आणि म्हणाले, एवढ्याशा गोष्टीसाठी तुम्हाला त्रास दिला.

“त्रास कसला,” मामा म्हणाले. “असंच सांगत चला. पुढच्या गुरुवारी मी पुन्हा चौकशीला येतो.”

घरी आल्यावर मामीनं नेहमीसारखं विचारलं, मेष्ट्रु कसे आहेत. मामा म्हणाले, “बरे आहेत. आज त्यांनी मला इन्स्पेक्टर केलं.” मामी हसली. मामाही हसले, आणि चष्मा काढून धोतराच्या सोग्यानं पुसू लागले. काचा स्वच्छ झाल्या तरी ते बराच वेळ पुसतच राहिले.